रिकाम्या आसनाचे दर्शन

बाली बेटावरच्या एका दिवसाच्या खासगी सहलीचा साचा आता ठरून गेला आहे. सकाळी आठच्या सुमारास मोटार मुक्कामाच्या दारात येऊन उभी राहते. गाडी हाकणाराच बहुधा वाटाड्याही असतो. डोक्याला उदेंग नावाचे बांधलेले फडके, आणि समोरच्या काचेखाली नारळाच्या कोवळ्या पात्यांची तळहाताएवढी चौकोनी परडी. तिला चानांग सारी म्हणतात. तिच्यात पूर्वेला पांढरी, दक्षिणेला तांबडी, पश्चिमेला पिवळी आणि उत्तरेला निळी किंवा हिरवी अशी दिशांच्या हिशेबाने फुले मांडलेली असतात. पहिल्या वळणालाच त्या दिशा फिरतात, हा भाग निराळा. दिवस आठ ते दहा तासांचा धरतात. उत्तरेकडे जायचे तर बेरातान सरोवराकाठचे उलुन दानू, जातिलुविहची भातखाचरे आणि परतताना तानाह लोटचा सूर्यास्त. पूर्वेकडे लेंपुयांग आणि बेसाकिह. उबुदच्या बाजूला तिर्ता एंपुल आणि गोआ गजाह, दक्षिणेला उलुवातूचा कडा. बेट सिंधुदुर्ग जिल्ह्यापेक्षा थोडेसेच मोठे, सुमारे ५,७८० चौरस किलोमीटरचे. पण रस्ते अरुंद आणि घाटाचे, त्यामुळे दिवसात चार-पाच ठिकाणांच्या वर काही उरकत नाही. या ठिकाणांपैकी बहुतेक देवळे आहेत.

मराठीत या प्रकाराला स्थलदर्शन म्हणतात. सहलीच्या जाहिरातींतून हा शब्द इतका रुळला आहे की त्यातली अडचण कानाला जाणवत नाही. स्थळ पाहतात; दर्शन मात्र घेतात, ते होते, घडते, आणि देव ते देतो. गोल घुमट पाहायला जाणारा माणूस पंढरपूर ‘पाहायला’ जात नाही. मूर्ती घडवून झाली की तिचे डोळे सगळ्यांत शेवटी उघडतात आणि नेत्रोन्मीलनाचा विधी वेगळा करतात, कारण दर्शनात देवाने भक्ताकडे पाहणे हे भक्ताने देवाकडे पाहण्यापेक्षा वरचढ मानलेले आहे. आषाढीच्या गर्दीत ज्याला रांगेत उभे राहणे झेपत नाही तो कळसाला हात जोडून परततो आणि वारी पोचली असे समजतो. त्याने फारसे काही पाहिलेले नसते. तो मात्र पाहिला गेला, अशी त्याची खात्री असते.

मग देवळांमागून देवळे पाहत हिंडणाऱ्या प्रवाशाला काय घडते, दर्शन की नुसते पाहणे? या प्रश्नाचे नेहमीचे उत्तर प्रवाशाच्या मनाकडे बोट दाखवते: भाव असेल तर दर्शन, नसेल तर सहल. उत्तर खोटे नाही, पण ते एक गोष्ट गृहीत धरून चालते. देव देवळात आहे, प्रश्न फक्त पाहणाऱ्याच्या डोळ्यांचा आहे, हे ते गृहीतक. बालीत नेमके तेच लागू पडत नाही.

बालीत देवळाला पुरा म्हणतात. त्याची तीन अंगणे असतात: बाहेरचे जाबा, मधले जाबा तेंगाह आणि आतले जेरोआन. भिंती आहेत, पण वर छप्पर नाही. अंगणे आभाळाला उघडी. आतल्या अंगणात काळ्या ताडतंतूंनी शाकारलेले मेरू उभे असतात, एकावर एक छपरांचे, नेहमी विषम संख्येचे, जास्तीत जास्त अकरा. आणि एका कोपऱ्यात, बहुधा डोंगर व उगवती यांच्या मधल्या दिशेला, पद्मासन. कासव आणि नाग यांच्यावर उभारलेली ही उंच दगडी बैठक वरच्या टोकाला खुर्चीसारखी आहे आणि तिच्यावर कोणी बसलेले नाही. बैठक सांग ह्यांग विधी वासा या परमेश्वराची. त्याला अचिंत्य असेही म्हणतात, आणि ज्याचे चिंतनही करता येत नाही त्याची मूर्ती तिथे नाही. बाकीच्या देवतांची आसनेही एरवी तशीच मोकळी असतात. लहान लहान प्रतिमा असतात, पण त्या बंद कोठीत ठेवलेल्या.

देव येतात ते ओदालानला. ओदालान हा देवळाचा वाढदिवस, आणि बरीच देवळे तो पावुकोन या २१० दिवसांच्या पंचांगाप्रमाणे धरतात. तेव्हा आसनांना पिवळी-पांढरी वस्त्रे नेसवतात, प्रतिमा बाहेर काढतात, गामेलान हा वाद्यमेळ वाजू लागतो, फळांचे आणि भाताच्या पिठाच्या रंगीत खाऊचे हातभर उंच मनोरे डोक्यावर घेऊन बायका रांगेने येतात, आणि पेमांग्कू म्हणजे देवळाचा पुजारी देवतांना खाली उतरण्याची विनंती करतो. त्या उतरतात, पाहुणचार घेतात, नाच पाहतात, आणि दोन-तीन दिवसांनी त्यांना निरोप दिला जातो. मग आसने पुन्हा उघडी आणि अंगणात पानांचा कचरा. एखाददुसऱ्या मंगळवारी सकाळी साडेदहाला तिकीट काढून, भाड्याचे सारोंग गुंडाळून आत आलेल्या प्रवाशाला देव दिसत नाही, यात त्याच्या भावाची कमतरता नाही. देव घरी नाही.

मराठी वाचकाला हे समजायला दूर जावे लागत नाही. भाद्रपदात घरी आणलेला पार्थिव गणपती प्राणप्रतिष्ठेआधी माती असतो आणि उत्तरपूजेनंतर अक्षता टाकून मूर्ती जागची जरा हलवली की पुन्हा माती होतो. अनंत चतुर्दशीच्या दुसऱ्या दिवशी कोणी घरी येऊन रिकामे मखर पाहिले, थर्माकोलच्या खांबांची तारीफ केली आणि छायाचित्र काढले, तर घरच्यांना वाईट वाटणार नाही, थोडे हसू येईल. बालीतली सहल बरीचशी अशी मखरे पाहण्याची आहे. मखरे अतिशय सुंदर आहेत, हे तिथल्या शिल्पकारांचे यश.

षोडशोपचारांचा क्रम आवाहन आणि आसन असा सुरू होतो. आधी बोलवायचे, मग बसायला द्यायचे. भागवताच्या एकादश स्कंधात, ज्यावर एकनाथांची मराठी टीका आहे, कृष्ण उद्धवाला पूजाविधी सांगताना स्थिर मूर्ती आणि चल मूर्ती यांत फरक करतो: स्थिर मूर्तीला आवाहनही नाही आणि विसर्जनही नाही. विठोबा कुठून येत नाही आणि कुठे जात नाही. तो उभाच आहे. महाराष्ट्रातल्या मोठ्या क्षेत्रांची सगळी यात्राव्यवस्था या स्थिरतेवर उभी आहे. देव जागचा हलत नसल्याने भक्ताने चालायचे. बालीने दुसरा पर्याय निवडला, आणि तोही शास्त्राबाहेरचा नाही. देव चालतो, भक्त वेळ सांभाळतो.

देवतेला ठावठिकाणा असतो का, हा वाद भारतात जुना आहे. जैमिनीच्या मीमांसासूत्रांच्या नवव्या अध्यायावर भाष्य करताना शबराने देवतेला शरीर असते, ती हवी खाते, प्रसन्न होऊन फळ देते या कल्पना एकेक करून बाजूला सारल्या. फळ कर्मातून येते, देवता कर्माचे अंग. मीमांसकांचा एक आक्षेप अगदी व्यवहारी होता. इंद्राला देह असेल तर एकाच वेळी चाललेल्या अनेक यज्ञांना तो हजर कसा राहणार? शंकराचार्यांनी ब्रह्मसूत्रभाष्यात उत्तर दिले की देवता एकाच वेळी अनेक देह धारण करू शकते. बालीत हजारो देवळे आहेत आणि एकाच दिवशी अनेक ठिकाणी ओदालान पडते, तेव्हा हा आक्षेप तिथेही उभा राहायला हवा. प्रत्यक्षात तो कोणी काढताना दिसत नाही. बालीचा धर्म वागणुकीत मीमांसकांच्या जवळ आहे (दिवस, सामग्री आणि क्रम बिनचूक असायला हवा) आणि श्रद्धेत वेदान्त्यांच्या, कारण येणारा पाहुणा खरोखर येतो.

खासगी सहलीत विकत घेतली जाते ती नेमकी वेळ. गटाबरोबर फिरणाऱ्याला दुसऱ्यांच्या वेळेने उठावे, जेवावे, निघावे लागते. स्वतंत्र मोटार घेतली की दिवस आपल्या हाती येतो. पण पवित्रता दिवसांत वाटलेली असेल तर स्वतःच्या सवडीने गेलेला माणूस बहुतेक वेळा चुकीच्या दिवशी पोचतो. गटातल्या माणसाचेही तेच होते, पण त्याला निदान सगळे आपल्या मनासारखे झाले असा भास होत नाही. कधी उलटेही घडते. एखाद्या गावात अचानक रस्ता अडतो. काळ्या-पांढऱ्या चौकड्यांचे वस्त्र नेसलेला पेचालांग, म्हणजे गावाचा पारंपरिक रक्षक, हात आडवा धरून उभा असतो आणि समोरून छत्र्या, ढोल, झांजा, पांढऱ्या कपड्यांतली माणसे जात राहतात. चालक इंजिन बंद करतो. वीस मिनिटे, अर्धा तास. मागच्या आसनावर बसलेला प्रवासी घड्याळ पाहतो, कारण तानाह लोटचा सूर्य कोणासाठी थांबत नाही. त्या दिवसात देव त्याच्या सगळ्यांत जवळून जातो तो बहुधा या खोळंब्यात, आणि खोळंबा सहलीच्या कार्यक्रमपत्रिकेत नसतो.

इंडोनेशियाच्या सरकारी भाषेत प्रेक्षणीय स्थळाला दीर्घकाळ ‘ओब्येक विसाता’ म्हणत आले, म्हणजे सरळ सरळ पर्यटनाची वस्तू. वस्तू परत पाहत नाही. उलुवातूच्या कड्यावर, समुद्रापासून सुमारे सत्तर मीटर उंचीवर, परत पाहणारे कोणी असेल तर ती माकडे. ती चष्मे, टोप्या, चपला, मोबाइल पळवतात आणि खाऊ मिळाल्याशिवाय सोडत नाहीत. २०२१ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात असे दिसले की वयाने मोठी माकडे माणसाला अधिक प्रिय असलेली वस्तू हेरून उचलतात आणि तिच्यासाठी जास्त चांगला खाऊ मागतात. संपूर्ण दिवसात प्रवाशाकडे इतक्या बारकाईने दुसरे कोणी पाहत नसेल.

पाहण्याचा हा प्रकार टोकाला जातो तो लेंपुयांगला. डोंगराच्या पायथ्याकडच्या देवळात दुभंगलेले उंच दार आहे, चांदी बेंतार. एकच शिखर मधोमध चिरून दोन बाजूंना सारावे तसे. त्या फटीत, ढग नसतील तेव्हा, आगुंग ज्वालामुखी बसतो. प्रवाशांना क्रमांक मिळतो आणि कधी कधी काही तास थांबावे लागते. पाळी आली की दारात जाऊन उभे राहायचे, दोन-तीन हावभाव करायचे, बाजूला व्हायचे. छायाचित्र काढणारा स्थानिक माणूस जमिनीजवळ बसलेला असतो. त्याने मोबाइलच्या भिंगाखाली आरशाचा लहानसा तुकडा आडवा धरलेला असतो, आणि त्या तुकड्यात दार, आभाळ आणि माणूस उलटे उमटतात. जगभर फिरलेल्या त्या चित्रात देवळासमोर निश्चल तळे दिसते. तिथे तळे नाही, फरशी आहे. फसवणूक म्हणावी इतके हे गंभीर नाही. आरसा सगळ्यांना दिसतो. लक्षात घेण्यासारखी गोष्ट उभे राहण्याच्या दिशेची आहे. दारातल्या माणसाची पाठ आगुंगकडे, म्हणजे बालीतल्या सर्वांत पवित्र डोंगराकडे असते. छायाचित्रकाराची पाठ आतल्या अंगणाकडे जाणाऱ्या तीन पांढऱ्या जिन्यांकडे. मुख्य देऊळ तिथून सुमारे १,७०० पायऱ्या वर आहे आणि त्या वाटेला फार थोडे लागतात.

आपण पाहिले जात आहोत आणि त्यातून काही बिघडते आहे, हे बालीच्या लोकांनी फार लवकर ओळखले. १९७१ मध्ये देनपसारला एक परिसंवाद भरला. देवळातले नाच हॉटेलांच्या अंगणात पैसे घेऊन होऊ लागले होते; कोणता नाच बघ्यांना दाखवावा आणि कोणता दाखवू नये, हे ठरवायचे होते. पवित्र आणि लौकिक अशी जोडी बालीच्या भाषेत नव्हती, म्हणून ‘साक्राल’ आणि ‘प्रोफान’ हे युरोपीय शब्द उसने घ्यावे लागले. शेवटी तीन वर्ग ठरले. आतल्या अंगणात अर्पण म्हणून होतात ते वली, मधल्या अंगणात विधीला जोडून होतात ते बेबली, आणि निव्वळ पाहण्यासाठी ते बालिह-बालिहान. देवळाची तीन अंगणेच नाचांना लावली गेली. कोकणातल्या जत्रेत पालखी फिरल्यावर रात्री देवळापुढे होणारा दशावतार कोणत्या वर्गात बसवावा, असा प्रश्न कुडाळ-सावंतवाडीकडच्या माणसाला विचारला तर तोही जरा थांबेल. तो देवापुढे होतो आणि माणसे पहाटेपर्यंत बसून पाहतात. मधले अंगण म्हणावे, तर त्याने दोन्ही बाजूंचे समाधान होणार नाही.

उलुवातूला सूर्यास्ताला होणारा केचाक मात्र स्पष्टपणे तिसऱ्या वर्गातला. उघड्या अंगाच्या पुरुषांचे कडे, ‘चाक चाक’ असा एकमेकांत गुंतलेला घोष आणि मध्ये रामायण. प्रवासी त्याला आदिम विधी समजतात. त्याचा घोष सांगह्यांग नावाच्या अंगात येण्याच्या विधीतून घेतला आहे, पण आजचे रूप १९३०च्या दशकात जर्मन चित्रकार वॉल्टर श्पीस आणि बालीचा नर्तक वायान लिंबाक यांच्या हातून, बाहेरच्या प्रेक्षकांसाठी घडले. पर्यटनाचा अभ्यास करणाऱ्या डीन मॅकॅनेलने १९७०च्या दशकात मांडले की पर्यटक खऱ्याच्या शोधात असतो आणि त्याला खऱ्यासारखा सजवलेला दर्शनी भाग मिळतो. बालीला हे पुरते लागू पडत नाही. १९७१चा निर्णय असा होता की दर्शनी भाग हा दर्शनी भाग म्हणूनच उघडपणे चालवायचा, म्हणजे आतले अंगण मोकळे राहील. लबाडी नाही, कुंपण आहे.

हीच भूमिका बेसाकिहच्या बाबतीत दिसली. आगुंगच्या उतारावरचे हे मातृमंदिर जागतिक वारसा यादीत घालण्याचा विचार एकापेक्षा अधिक वेळा पुढे आला आणि प्रत्येक वेळी बालीतल्या हिंदूंच्या विरोधामुळे बारगळला. वारसा म्हटले की जतन आले, जतन म्हटले की बदलावर बंदी आणि बाहेरची देखरेख आली. स्मारक झालेल्या जागी देव कोणाच्या परवानगीने उतरणार? हे भय पोकळ नव्हते. बेसाकिहचे मोल तिथल्या दगडांत किती आणि तिथे घडणाऱ्यात किती, याचा अनुभव १९६३ ने दिलेला होता. शंभर वर्षांतून एकदा करायचा एकादश रुद्र हा महाविधी तिथे चालू असतानाच आगुंगचा उद्रेक झाला. हजाराहून अधिक माणसे गेली. देऊळ मात्र वाचले. देऊळ वाचले म्हणजे सगळे ठीक, असा अर्थ लावला गेला नाही. मुहूर्तच चुकीचा होता, असे अनेकांचे म्हणणे पडले. विधी पुन्हा केला तो १९७९ मध्ये, शक १९०० सरताना.

सगळी पवित्रता काळात आहे आणि जागेत काहीच नाही, असे मात्र म्हणता येत नाही. बालीचा माणूस घर बांधताना, झोपताना, मृताला ठेवताना दोन दिशा पाहतो: काजा म्हणजे डोंगराकडे आणि केलोद म्हणजे समुद्राकडे. या दिशा होकायंत्राच्या नाहीत. बेटाच्या उत्तरेला राहणाऱ्याची काजा दक्षिणेला येते. डोंगर जागचा हलत नाही. झरेही हलत नाहीत. तांपाकसिरिंगच्या तिर्ता एंपुलला जमिनीतून उकळी फुटावी तसे वाळू उडवत पाणी वर येते आणि दगडी तोट्यांतून कुंडात पडते. हे स्थान दहाव्या शतकापासूनचे. लोक कमरेएवढ्या पाण्यात उभे राहून एकेका तोटीखाली डोके धरत पुढे सरकतात. मृतांच्या विधींसाठी राखलेल्या दोन तोट्या सोडून. प्रवासीही उतरतात, आणि त्या दोन तोट्यांशी त्यांना थांबवण्याचे काम वाटाड्यांचे.

मराठीत तीर्थ म्हणजे जागाही आणि तळहातावर घेऊन प्यायचे पाणीही. बालीच्या तिर्ता शब्दात पाण्याचा अर्थ मुख्य आहे, आणि तिथल्या धर्माला पूर्वी ‘आगामा तिर्ता’, पाण्याचा धर्म, असे नाव होते. हे पाणी मंत्रून बांबूच्या नळीत किंवा, आजकाल, प्लास्टिकच्या पिशवीत घरी नेतात. पूजेनंतर ते शिंपडतात, तीनदा प्यायला देतात आणि कपाळावर ओले तांदूळ लावतात. इथे पाहण्याला फारसे कामच उरत नाही. डोळे मिटलेल्या माणसालाही तीर्थ तेवढेच मिळते. कुंडात उतरलेल्या प्रवाशाचे स्थान त्यामुळे दारात उभ्या प्रवाशापेक्षा वेगळे होते: त्याच्या अंगावर पडलेले पाणी शेजारच्या बाईच्या डोक्यावर पडले तेच. त्याने त्याचे काय करायचे हा पुढचा प्रश्न. ज्या धर्मात कृतीला वजन आहे तिथे कृती अर्धवट समजुतीने केली तरी ती शून्य होत नाही, असे म्हणायला जागा आहे.

जातिलुविह हे देऊळ नाही, म्हणून तिथे प्रवासी मोकळेपणाने वागतो. डोंगरउतारावर शेकडो खाचरे, कुठे हिरवी, कुठे पिकलेली, कुठे नुसते पाणी. २०१२ मध्ये सुबाक ही पाणीवाटपाची व्यवस्था जागतिक वारसा ठरली, आणि जातिलुविह तिचा भाग. (बेसाकिहला नको असलेला शिक्का इथे चालला, जमिनी विकल्या जातील ही चिंता मात्र इथेही आहेच.) अमेरिकी मानववंशशास्त्रज्ञ स्टीफन लॅन्सिंगने दाखवले की पाणी कधी सोडायचे आणि कोणती शेते एकाच वेळी कोरडी ठेवायची हे जलमंदिरांच्या विधींच्या वेळापत्रकातून ठरत आले. १९७०च्या दशकात हरितक्रांतीचे बियाणे आले. शेतकऱ्यांना मंदिराचा क्रम सोडून वर्षभर सलग भात लावायला सांगण्यात आले; पाण्याची ओढ लागली आणि किडी मोकाट सुटल्या, कारण मोठ्या टापूवर एकाच वेळी पडीक जमीन ठेवल्यानेच कीड उपाशी मरत असे. लॅन्सिंग आणि परिसरशास्त्रज्ञ जेम्स क्रेमर यांनी संगणकावर हिशेब मांडून पाहिला तेव्हा मंदिरांची जुनी रचना उत्तम उत्पन्न देणाऱ्या रचनेच्या जवळ निघाली. म्हणजे प्रवासी ज्याला देखावा म्हणून डोळे भरून पाहतो ते एक वेळापत्रक आहे. हिरव्या आणि पिवळ्या तुकड्यांची ती मांडणी कोणी चित्रासाठी केलेली नाही. वरच्या सुबाकने पाणी कधी घेतले आणि खालच्याने कधी, हे त्या रंगांत लिहिलेले आहे. अकरा छपरांच्या मेरूचे उलुन दानू बेरातान हे देऊळही पाण्याच्या देवीचे, दानूचे. सरोवरातल्या प्रतिबिंबासह त्याचे चित्र पन्नास हजार रुपियांच्या नोटेवर छापले गेले. तिथले तळे खरे आहे.

वाटाड्याचे काय? क्षेत्राच्या ठिकाणी पैसे घेऊन देव दाखवणारा मध्यस्थ ही महाराष्ट्राला नवी गोष्ट नाही. नाशिक, त्र्यंबकेश्वरचे क्षेत्रोपाध्ये पिढ्यान्‌पिढ्यांच्या वह्या राखून आहेत. कोणत्या गावचा कोण कधी आला हे त्यांत नोंदलेले असते. दक्षिणा आणि मोटारीचे भाडे यांत पैसा म्हणून फरक नाही, आणि पैशामुळे सहल अपवित्र होते हा युक्तिवाद टिकत नाही. फरक वहीचा आहे. क्षेत्रोपाध्यायाकडे गेलेला माणूस नोंदला जातो, त्याच्या आजोबाच्या नावाखाली त्याचे नाव लागते. वाटाड्याकडचा प्रवासी संध्याकाळी उतरला की संपला. दुसरा फरक उलट बाजूचा आहे. बालीचा चालक स्वतः त्याच धर्मातला भक्त असतो. त्याच्या गावच्या बांजारचे, म्हणजे वस्तीच्या मंडळाचे, काम त्याच्यावर असते. ओदालानला मंडप बांधणे, मांस चिरणे, वाद्ये वाजवणे ही सेवा, ङायाह, त्याला टाळता येत नाही आणि त्या दिवशी तो गाडी दुसऱ्याकडे सोपवतो. तुंपेक लांदेप या दिवशी, जो २१० दिवसांनी येतो, धातूच्या वस्तूंची पूजा होते. पूर्वी क्रिस नावाच्या कट्यारी असत, आता मोटारीही आहेत. चाकापाशी नैवेद्य, आरशाला पानांची झालर. खंडेनवमीला ट्रॅक्टरला झेंडूची माळ घालणाऱ्या माणसाला याचे भाषांतर लागणार नाही. त्या दिवशी जी मोटार पूजेची असते तीच दुसऱ्या दिवशी आठ वाजता प्रवाशाच्या दारात असते. बालीत फिरताना देवत्वाच्या जवळची एखादी वस्तू प्रवाशाने खरोखर दिवसभर वापरली असेल, तर ती बसायची गाडी.

भारतीय प्रवाशाला, आणि अलीकडे ऑस्ट्रेलियाखालोखाल भारतीयच सर्वाधिक येतात, आणखी एक अडचण आहे: ओळख. गोआ गजाहच्या अंधाऱ्या खोबणीत गणपती दिसतो आणि हात आपोआप जुळतात. (गोआ म्हणजे गुहा, गोव्याशी संबंध नाही.) वाटाडा त्रिमूर्तीचे नाव घेतो, प्रार्थनेत गायत्री ऐकू येते, आणि सगळे आपलेच आहे असे वाटू लागते. पण स्वतंत्र इंडोनेशियाच्या राज्यतत्त्वात एकच परमेश्वर असल्याने, हिंदू धर्माला मान्यता मिळवताना बालीच्या धर्मनेत्यांनी विधी वासाला केंद्रस्थानी आणले. १९५९ मध्ये परिसाद ही संस्था स्थापन झाली आणि पद्मासनाचे महत्त्व वाढत गेले. ओळखीचा गणपती तिथे वाटेत भेटतो. मुख्य आसन ज्याचे, तो ओळखीचा नाही आणि दिसतही नाही.

बालीचे नवे वर्ष शक पंचांगाचे, आणि महाराष्ट्राचेही. २०२३ मध्ये दोन्हीकडे शक १९४५ एकाच दिवशी, २२ मार्चला सुरू झाला. अधिक मासाचा हिशेब वेगळा असल्याने २०२४ मध्ये बालीचा ११ मार्चला आला आणि पाडवा ९ एप्रिलला. महाराष्ट्रात त्या दिवशी गुढी उभारतात, म्हणजे लांबून दिसेल असे काहीतरी दारात लावतात. बालीत त्याच्या बरोबर उलट. काही दिवस आधी कोठीतल्या प्रतिमा मिरवत समुद्रावर नेऊन आणलेल्या असतात. आदल्या रात्री कागद-बांबूचे अक्राळविक्राळ ओगोह-ओगोह राक्षस ढोलांच्या गजरात गावभर नाचवतात. पहाटे सहाला न्येपी लागते आणि चार गोष्टी बंद होतात: अग्नी, काम, प्रवास, करमणूक. दिवे मालवतात किंवा पडद्याआड झाकतात. रस्त्यावर पेचालांग सोडून कोणी नसते. विमानतळ चोवीस तास बंद राहतो. प्रवाशांनाही हॉटेलबाहेर पडता येत नाही, भाडे कितीही दिले तरी मोटार मिळत नाही. लोक सांगतात की आदल्या रात्रीच्या गोंगाटाने जागी झालेली भुते बेटावरून जाताना खाली पाहतात, कोणीच दिसत नाही, आणि बेट ओसाड आहे असे समजून पुढे निघून जातात. दुसऱ्या दिवशी सकाळी सहाला दिवे लागतात, विमाने उतरू लागतात, आणि आठपर्यंत चालक गाड्या पुसून बाहेर काढतात.